बोलपटाचा अबोल नायक

‘आलम आरा’ हा भारताचा पहिला बोलपट, हे सामान्यज्ञानाच्या पुस्तकातून आपण सगळ्यांनीच पाठ केलेले असते. १४ मार्च १९३१ रोजी तो मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात लागला. पण त्याचा नायक मास्टर विठ्ठल आपल्या कोल्हापूरच्या मुशीतून घडला, हे कितीजणांना ठाऊक असेल?

बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत विठ्ठल तयार झाले. १९२४ च्या ‘कल्याण खजिना’त ते पडद्यावर आले, तेही नर्तकीच्या वेषात! पुढे मुंबईच्या शारदा फिल्म कंपनीत १९२६ च्या ‘रतन मंजरी’पासून ते नायक झाले. तलवारीचे हात आणि मर्दानी साहसे पाहून लोक त्यांना भारताचा डग्लस फेअरबँक्स म्हणू लागले. मूकपटात जिभेला काम नव्हते. सारे अंगच बोलत होते.

मग अर्देशीर इराणींनी बोलपट काढायचे ठरवले आणि विठ्ठल शारदाचा करार मोडून तिकडे गेले. प्रकरण कोर्टात गेले. विठ्ठल यांच्या बाजूने बॅरिस्टर महंमद अली जिना उभे राहिले आणि त्यांनी खटला जिंकून दिला. पण कोर्टात जिंकलेला नायक भाषेपुढे अडला. उर्दूमिश्रित हिंदी त्यांच्या मराठी जिभेवर बसेना. म्हणून नायकाला बराच वेळ अर्धवट शुद्धीत दाखवले, असे सांगतात. पहिल्या बोलपटाचा नायक, आणि तोच अबोल!

हा किस्सा लोक हसत सांगतात. मला मात्र हसू आले नाही. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मीच पहिली. वर्गात उत्तर ठाऊक असते, पण ‘न’ आणि ‘ण’च्या धास्तीने ओठ उघडत नाहीत. खेड्यापाड्यांतून आलेली आमच्यासारखी कितीतरी मुले अशीच ‘अर्धवट शुद्धीत’ मागच्या बाकावर बसलेली असतात. ती मुकी आहेत असे कुणी म्हणावे काय?

वर्षभराच्या आतच, फेब्रुवारी १९३२ मध्ये, ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट आला. तो इथेच, कोल्हापुरात, प्रभातने काढला; आणि त्याचे दिग्दर्शक शांताराम हेही बाबूरावांच्याच कंपनीत शिकलेले! म्हणजे कोल्हापूरच्या माणसाला बोलता येत नव्हते असे नाही. प्रश्न एवढाच होता, की कोणाच्या भाषेत?

विठ्ठल यांनी सिनेमा सोडला नाही. १९३३ मध्ये त्यांनी ‘आवारा शहजादा’ दिग्दर्शित केला. त्यात शाहू मोडकांची दुहेरी भूमिका होती. पुढे हिंदी-मराठी चित्रपटांतून भूमिका लहान लहान होत गेल्या, तरी ते कॅमेऱ्यापुढे उभे राहत गेले. १९६९ मध्ये त्यांचे निधन झाले.

‘आलम आरा’ची आज एकही प्रत उपलब्ध नाही. त्यांचे उच्चार कितपत चुकले, हे आता कुणालाच तपासता येणार नाही. पण पहिल्या बोलपटाचा नायक म्हणून नाव लागले आहे ते मास्टर विठ्ठल यांचेच.