उपज

जलंब जंक्शनावर मुख्य लोहमार्ग सोडून सुमारें १३ किलोमीटरांचा एक फांटा खामगांवास जातो. तो १८७० सालीं व्हाइसरॉय लॉर्ड मेयो यांनीं उघडला. त्या काळीं खामगांवची कापसाची पेठ साऱ्या हिंदुस्थानांत नांवाजलेली होती, आणि गांठींची ने-आण हाच या फांट्याचा मुख्य हेतु होता.

गेल्या मार्गशीर्षांत या पेठेंत उभा असतां ‘उपज’ हा शब्द मनांत घोळूं लागला. शेतकऱ्याची उपज म्हणजे पीक; गवयाची उपज म्हणजे गातांगातां आयत्या वेळीं सुचलेली स्वररचना. एकच शब्द दोघांस कसा पुरतो?

गवयाला रागाचें बंधन, तालाचें बंधन; बंदिशीचे शब्दहि ठरलेले. समेवर येण्याची वाट मात्र तो त्याच क्षणीं शोधतो. ती आपणांस अकस्मात् वाटते. पण तिच्यामागें वर्षानुवर्षांचा रियाझ असतो. वऱ्हाडची काळी जमीन पावसाचें पाणी पोटांत धरून ठेवते, म्हणूनच पाऊस उघडल्यावरहि कपाशी तग धरते. मम्मटानें शक्ति, निपुणता व अभ्यास हीं तीन सांगून काव्याचा ‘हेतु’ मात्र एकवचनांत म्हटला, तो याचसाठीं. ऐन जेवणाच्या वेळीं चार पाहुणे आले असतां गृहिणी घटकेंत पिठलें टाकून पंगत निभावते, तीहि रोजच्या हाताचीच उपज. तयारीवांचून वेळ मारून नेणें याला हें नांव शोभत नाहीं.

हें मला उशिरां कळलें. संस्कृताच्या तासाला एका मुलानें श्लोकाचा अन्वय मीं सांगितल्याहून निराळा लाविला. मीं त्यास उभें केलें आणि शिकविलें तेंच म्हणावयास लाविलें. घरीं येऊन पाहतों तों त्याचा अन्वयहि व्याकरणास धरूनच होता! दुसऱ्या दिवशीं वर्गांत तसें कबूल करण्याचें धैर्य मला झालें नाहीं. त्या मुलानें पुढें वर्षभर हात वर केला नाहीं.

खामगांवांत कापसाच्या पांढऱ्या ढिगापुढें तो मुलगा आठवला. जेवढें पेरलें तेवढेंच परत मागणारा शेतकरी कोणीं पाहिला आहे काय?