रंगूनची येणी

२३ डिसेंबर १९४१ रोजी रंगूनवर जपानी बॉम्ब पडले; ८ मार्च १९४२ रोजी शहर जपान्यांच्या हाती गेले. जहाजात जागा मिळाली ते थोडे. बाकीचे लाखो भारतीय टाऊंगूपच्या खिंडीतून आराकानकडे किंवा तामूवरून मणिपूरकडे पायी निघाले. कॉलरा, मलेरिया आणि उपासमारीने हजारो वाटेतच गेले.

त्या लोंढ्यातील एक जैन कुटुंब पुढे पुण्यात स्थिरावले. तांदळाची पेढी मागे राहिली. पणजोबांनी आणला तो एक चोपडा. रंगूनच्या गिऱ्हाइकांकडील येणी ते दर दिवाळीला चोपडापूजनानंतर नव्या चोपड्यात ओढत. युद्धानंतर परत गेलेल्यांची दुकानेही १९६४ मध्ये ने विन सरकारने ताब्यात घेतली, तरी पणजोबांनी एकही रक्कम बुडीत लिहिली नाही.

चोपडे आता कपाटात आहेत. भीती मात्र घरात वावरते. दुकान भाड्याचे, उधारी पंधरा दिवसांची, सोने अंगावर नेता येईल तेवढेच. अशी खाती बँकेला फार आवडतात. ती अशी का झाली, हे अर्जात विचारलेले नसते.

यंदा नातवाने गाळा विकत घेण्याचे ठरवले. वडील सही करीनात. रंगून त्यांनीही पाहिलेले नाही. कारण विचारले की ते चिडत, कारण त्यांनाही ते कुणी सांगितले नव्हते.

सांगितले ते ब्याण्णव वर्षांच्या आजोबांनी, संवत्सरी प्रतिक्रमणाहून परतल्यावर. वसुली बाकी म्हणून पणजोबा दोन महिने थांबले होते. तोवर जहाजे संपली. वाटेत सूर्यास्तापूर्वी जेवण्याचा नियम सुटला, पाणी गाळून पिण्याचाही. खिंडीत नऊ महिन्यांच्या धाकट्या भावाला कॉलरा झाला. त्याला आईच्या साडीत गुंडाळून झाडाखाली ठेवले. "श्वास चालू होता की नाही, ते बाने मला पाहू दिले नाही."

दर संवत्सरीला सर्वांना खमावून झाल्यावर आजोबा आणखी एक 'मिच्छामि दुक्कडम्' कुणाचेही नाव न घेता म्हणत. घरच्यांना ती वयाची सवय वाटे.

येणी बुडीत लिहिणे म्हणजे ते थांबणेही फुकट गेले असे लिहिणे. पणजोबांच्याने ते झाले नसावे.

गाळ्याचा दस्त अजून सहीविना आहे. वडिलांनी त्यातील चतुःसीमा मात्र नातवाकडून दोनदा वाचून घेतल्या.