ब्रॉड स्ट्रीटचा पंप

चिरंजिवांच्या आग्रहावरून आम्हीं लंडन पाहिलें. तेथील राजवाडे व वस्तुसंग्रहालयें यांचीं वर्णनें वाचकांनीं पुष्कळ वाचलीं असतील. तीं येथें देत नाहीं. सोहो भागांत ब्रॉडविक स्ट्रीटवर पाण्याचा एक पंप उभा आहे, त्याविषयीं मात्र लिहावें असें वाटतें. या रस्त्यास पूर्वीं ब्रॉड स्ट्रीट म्हणत. पंप मूळचा नव्हे, प्रतिकृति आहे, आणि त्यास दांडा मुद्दामच बसविलेला नाहीं. जवळच डॉक्टर जॉन स्नो यांच्या नांवाचें एक मद्यगृह आहे. हे गृहस्थ आयुष्याचीं बरींच वर्षें मद्यास शिवले नव्हते!

१८५४ च्या ऑगस्टअखेर येथें पटकी उद्भवली व दहा दिवसांत आसपासच्या चार गल्ल्यांतून पांचशेंवर माणसें दगावलीं. रोग दुर्गंधीच्या हवेनें होतो, असें तेव्हांच्या बहुतेक विद्वानांचें मत होतें. आपल्याकडे पटकी आली कीं मरीआईचा गाडा शिवेपलीकडे नेऊन सोडीत. तेव्हां त्यांस हंसण्याचा आपणांस अधिकार नाहीं. शिवाय त्यांच्यापाशीं आंकडे होते. विल्यम फार या संख्याशास्त्रज्ञानें १८४९ च्या सांथीचे मृत्यु मांडून दाखविलें कीं, थेम्सपासून वस्ती जों जों उंच, तों तों मृत्यु कमी. कोष्टकांत खोट नव्हती. मग अडलें कोठें?

ज्यांनीं तर्कसंग्रह वाचला आहे त्यांस हें चटकन उमगेल. जेथें धूर तेथें अग्नि हें खरें. पण जेथें अग्नि तेथें धूर असें म्हणतां येत नाहीं, कारण तापलेल्या लोखंडाच्या गोळ्यांत अग्नि असतो, धूर नसतो. धुरास ओलें सर्पण लागतें. या ओल्या सर्पणास नैयायिक 'उपाधि' म्हणतात. सखल वस्तींत हवा कोंदट होती, तसेंच पाणीहि नदीच्या अधिक घाण भागांतलें होतें. उपाधि होती ती पाण्याची.

स्नो घरोघर हिंडले. मेलेल्यांपैकीं बहुतेक या पंपाचें पाणी पीत, हा झाला अन्वय. परंतु आम्हांस मोल वाटतें तें व्यतिरेकाचें. जवळच्या दरिद्रालयांत ५३५ माणसें होतीं, त्यांतलीं अवघीं ५ गेलीं. त्यांची विहीर वेगळी होती. बिअरच्या कारखान्यांतील सत्तरांवर कामगारांपैकीं एकहि मेला नाहीं; ते पंपाकडे फिरकतच नसत. हवा मात्र सर्वांची एकच होती. उलट दूर हॅम्पस्टेडला राहणारी एक विधवा मेली. पूर्वीं ती याच रस्त्यावर राहत असे, व येथल्या पाण्याची गोडी लागल्यानें तें रोज गाडीवरून मागवी. तिनें सोहोची हवा घेतली नव्हती. पाणी प्यालें होतें.

दक्षिण लंडनमध्यें तर एकाच गल्लींत दोन कंपन्यांचे नळ होते. शेजारी तेच, हवा तीच. जी कंपनी शहरांतल्या घाण पात्रांतून पाणी घेई, तिच्या दर १०,००० घरांमागें ३१५ मृत्यु झाले. वरच्या अंगाचें पाणी देणारीच्या घरांत ३७.

८ सप्टेंबरला पंपाचा दांडा काढला आणि सांथ थांबली, असें पुष्कळ जण सांगतात. हा काकतालीय न्याय झाला. सांथ आधींच ओसरत होती, आणि हें स्वतः स्नो यांनींच लिहून ठेविलें आहे. ज्यास आपला सिद्धांत लोकांच्या गळीं उतरवावयाचा आहे, त्यानें सोयीचा पुरावा असा हातचा सोडावा, याचें आम्हांस फार कौतुक वाटतें.

त्याच भागांतील हेन्री व्हाइटहेड नांवाचे तरुण पाद्री स्नो यांचें म्हणणें खोडून काढण्यास निघाले, व शोध करतां करतां त्यांनाच तें पटलें. ४० क्रमांकाच्या घरांतील एक तान्ही मुलगी सर्वांच्या आधीं आजारी पडली होती. तिच्या दुपट्यांचें धुण त्या घराच्या मैल्याच्या हौदांत ओतलें जाई, आणि तो हौद विहिरीपासून जेमतेम तीन फुटांवर होता, हें त्यांनींच उजेडांत आणलें. आणखी एक गोष्ट. ज्या दिवशीं दांडा निघाला, त्याच दिवशीं त्या मुलीचा बाप पटकीनें अंथरुणास खिळला, आणि घरांतला मैला अद्याप त्याच हौदांत जात होता.