आदेशातलं क्रियापद

उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाचा आदेश झाला त्या दिवशी मी घरी पेढे नेले. माझ्या अर्जावर विद्यापीठाने आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा, असा आदेश होता. रात्री वकीलसाहेबांचा फोन आला. "सर, 'निर्णय घ्यावा' म्हटलंय, 'मान्यता द्यावी' नाही." इतकी वर्षं वर्गात मराठी शिकवली, पण क्रियापदाचं वजन मला त्या रात्री कळलं.

मी 1999 मध्ये सेट ही पात्रता परीक्षा उत्तीर्ण होऊन, रीतसर निवड समितीतून लागलो. अनुदानित महाविद्यालय, मंजूर पद. पण संस्थेची आरक्षणाची बिंदुनामावली तपासून झालेली नव्हती, म्हणून मान्यता मिळाली ती त्या वर्षापुरती. पुढे दरवर्षी तेच. एप्रिलअखेर कार्यमुक्त, जूनमध्ये पुन्हा रुजू. मे महिना कोरडा जायचा आणि मुलीच्या शाळेची फी नेमकी जूनमध्ये यायची. कायम मान्यता आली 2006 मध्ये. तोवर 1 नोव्हेंबर 2005 ही तारीख उलटली होती. त्या तारखेपासून लागणाऱ्यांसाठी राज्यात जुनी पेन्शन बंद झाली होती. सात वर्षं शिकवलेला मी कागदावर नवा ठरलो. म्हणून मूळ नेमणुकीपासून मान्यता मागणारा तो अर्ज.

विद्यापीठाचं उत्तर दहाव्या आठवड्यात आलं, तेही अवमानाची नोटीस गेल्यावर. दोन ओळी: आपली विनंती नियमात बसत नाही. कोणत्या नियमात, याचा उल्लेख नाही. मला नकारापेक्षा त्या दोन ओळी जास्त लागल्या. माणसाच्या सात वर्षांना निदान एक कारण तरी द्यावं.

पुन्हा याचिका. या वेळी विद्यापीठाच्या प्रतिज्ञापत्रात कारणांची रांगच होती. पत्रात त्यांतलं एकही नव्हतं. आमच्या वकिलांनी मोहिंदरसिंग गिल खटल्याचा सर्वोच्च न्यायालयाचा 1977 चा निकाल पुढे ठेवला: आदेश उभा राहतो तो त्यातच लिहिलेल्या कारणांवर, मागाहून प्रतिज्ञापत्रातून त्याला टेकू देता येत नाही. न्यायालयाने ते पत्र रद्द केलं. अर्जदाराला समक्ष ऐका, मूळ नेमणुकीची कागदपत्रं तपासा, कारणं लिहून सहा आठवड्यांत निर्णय कळवा, असं सांगितलं. क्रियापद याही वेळी 'द्या' नव्हतं, पण पळवाट उरली नव्हती.

सुनावणीला मी सेवापुस्तक छातीशी धरून गेलो. अधिकाऱ्यांनी 1999 ची फाइल मागवली. दोरी सोडली, पानं उलटली आणि एका पानावर ते थांबले. निवड समितीचा अहवाल होता तो. त्यावर कुलगुरूंच्या प्रतिनिधीची सही होती. विद्यापीठाचाच माणूस, विद्यापीठाचीच फाइल, आणि एवढी वर्षं ते पान तिथेच होतं. अधिकारी हळूच म्हणाले, "बसा सर, पाणी घ्या."

पाचव्या आठवड्यात पत्र आलं. मी ते मधूनच वाचायला सुरुवात केली, तारखेपासून. 5 जुलै 1999.