पाय मागे घेताना

मी पहिला नमस्कार कुणाला केला ते आठवत नाही. मला पहिला नमस्कार कुणी केला ते मात्र लख्ख आठवतं. ज्येष्ठ संपत आला होता, माउलींची पालखी लोणंदला मुक्कामी होती आणि आजीबरोबर मी वारकऱ्यांना पाणी द्यायला रस्त्याच्या कडेला उभी होते. वय वर्षं नऊ. घागर आजीकडे, तांब्या माझ्याकडे. एक म्हातारेसे वारकरी थांबले. खांद्यावर पताका, धोतर गुडघ्यापर्यंत चिखलानं माखलेलं, टाचांना भेगा. ओंजळीनं पाणी प्याले, ओला हात तोंडावरून फिरवला आणि मला काही कळायच्या आत ‘माउली’ म्हणून माझ्या पायांवर वाकले. त्यांच्या बोटांचा गारवा माझ्या अंगठ्याला लागला आणि मी उडी मारून मागे सरले. तांब्या हातातून सुटला तो गडगडत पार गटाराशी गेला.

मी भोकाड पसरलं. मोठ्या माणसानं लहानाच्या पाया पडलं की लहानाचं आयुष्य कमी होतं, हे आमच्याकडे सगळ्या पोरांना पक्कं ठाऊक होतं. त्यांचं वय पाहता माझी किती वर्षं गेली असतील याचा हिशेब मी करत होते. आजी तांब्या मातीनं घासत म्हणाली, ‘‘पाय कशाला मागं घेतलेस? उलटा नमस्कार करून टाकायचा. वारीत कुणी कुणाचा नमस्कार ठेवून घेत नाही.’’

ठेवून घेत नाही. शेजारणीकडून आणलेली वाटीभर साखर परत करावी तसं ती बोलली होती. नंतर वारीत मी पाहिलं, खरंच तसं होतं. एक वाकला की दुसरा वाकतोच, कधी दोघांची डोकी आपटतात आणि दोघंही हसतात.

घरात मात्र नमस्कार एकाच दिशेनं जायचे, खालून वर. सकाळी देवाला, सणावारी मोठ्यांना, परीक्षेला जाताना सगळ्यांना. दिवेलागणीला दिव्याला. गावात वीज आली तरी आजी बटण दाबल्यावर त्या पिवळ्या बल्बला हात जोडायची. वीज जाऊन परत आली की पुन्हा जोडायची. पुस्तकाला पाय लागला तर नमस्कार, केरसुणीला लागला तर नमस्कार, माणसाला लागला तर तर हवाच. ही सवय अंगात इतकी मुरली आहे की पाय लागल्याबरोबर हात खाली जातो आणि गळ्याशी येतो. मध्ये डोक्याचा काही संबंध येत नाही. गेल्या आठवड्यात इंटरनेटच्या डबीला पाय लागला, तिलाही मी नमस्कार केला. नात खो खो हसली.

या नमस्कारांच्या घरात एक आवाज वेगळा होता. गावची तराळकी, म्हणजे निरोप पोचवायचं वतनी काम करणारे एक म्हातारे बाबा कधीमधी यायचे. तुळशीवृंदावनाच्याही पलीकडे, अंगणाच्या कडेला उभे राहून म्हणायचे, ‘जोहार’. ओसरीवर बसलेले आजोबा वर न बघता ‘हं’ म्हणायचे. त्या ‘हं’ला मी कितीतरी वर्षं नमस्काराचं उत्तर समजत होते. आजोबांचं कुलकर्णी वतन १९५० च्या कायद्यानं गेलं होतं, तराळबाबांचं महारवतन १९५८ च्या कायद्यानं. दोघांचीही वतनं कागदावरून पुसली गेली. जोहार आणि हं मात्र जागच्या जागी राहिले.

मग एका दिवाळीत त्यांचा मुलगा आला. पुण्याला नोकरी करायचा. इस्त्रीचा शर्ट, पायांत बूट. तो तुळशीपाशी थांबला नाही. सरळ ओसरीच्या पायरीशी आला, छातीशी हात जोडले आणि म्हणाला, ‘‘नमस्कार.’’ कंबर वाकली नाही, मान थोडी हलली. आजोबांनी ‘हं’सुद्धा म्हटलं नाही. तो जरा वेळ तसाच उभा राहिला, मग वडिलांना घेऊन निघून गेला. रात्री जेवताना आजोबा एवढंच म्हणाले, ‘‘आता हे नमस्कार घालायला लागले.’’ मला कोडंच पडलं. आम्हाला नमस्कार केला नाही की धपाटा मिळायचा आणि त्या माणसानं केला म्हणून आजोबा चिडले होते.

या कोड्याचं उत्तर मला पुढे बऱ्याच वर्षांनी एका जुन्या हुकमात सापडलं. मुंबईतले सोनार एकमेकांना भेटल्यावर ‘नमस्कार’ म्हणायला लागले, यावर ब्राह्मणांनी हरकत घेतली. नमस्कार म्हणण्याचा अधिकार सोनारांना नाही, असं त्यांचं म्हणणं. तक्रार पेशव्यांच्या दरबारापर्यंत पोचली आणि ऑगस्ट १७७९ मध्ये कंपनी सरकारच्या मुंबईच्या गव्हर्नरानं आपल्या कौन्सिलसह हुकूम काढला, की सोनारांनी यापुढे नमस्कार म्हणू नये. एका शब्दाला बंदी. मालमत्तेला कुलूप लावावं तसं. ज्या शब्दाच्या मुळाशी ‘नम्’ म्हणजे वाकणं आहे, तो शब्द काही लोकांनी आपल्या ताठ मानेची खूण म्हणून राखून ठेवला होता. आजोबांनी तो हुकूम वाचला असण्याची काहीच शक्यता नाही. त्याची गरजही नव्हती.

तराळबाबांचा मुलगा पुढे ‘नमस्कार’ही म्हणायचा नाही, ‘जय भीम’ म्हणायचा. कामठीच्या बाबू हरदासांनी हे अभिवादन रूढ केलं असं मानतात. त्यात कुणी कुणापुढे वाकत नाही, उत्तरही तेच, त्याच उंचीवरून. मी नोकरीला लागल्यावर तराळबाबांचे हे चिरंजीव एकदा पुण्यात भेटले, मी आपण होऊन ‘जय भीम’ म्हटलं. ते क्षणभर माझ्याकडे बघत राहिले, मग म्हणाले, ‘‘आजोबा असताना म्हणायला हवं होतंत, बाई.’’ आणि छान हसले. जोहाराचंही पाहा. आमच्या अंगणात तो दूर उभं राहून घालावा लागे, आणि तिकडे गडचिरोलीपासून झारखंडापर्यंत आदिवासी एकमेकांना मोठ्या अभिमानानं जोहार करतात. शब्दाचा दोष नसतो म्हणायचं तर आहे, पण अंगण विसरता येत नाही.

मी पोस्टात नोकरी केली. पोस्टकार्ड वाचू नये असा संकेत आहे; पण कार्ड उघडंच असतं आणि डोळेही. मला मजकुरात रस नसे, मायन्यात असे. शि. सा. न. वि. वि. म्हणजे शिरसाष्टांग नमस्कार विनंती विशेष. आपल्या आईवडिलांना ‘तीर्थरूप’, दुसऱ्यांच्या वडीलधाऱ्यांना ‘तीर्थस्वरूप’, लहानांना ‘चिरंजीव’ आणि अनेक आशीर्वाद. नाशिकच्या बाजूची काही कार्डं ‘दंडवत प्रणाम’नं सुरू व्हायची, ती महानुभाव पंथाच्या लोकांची. पैसे मागणारं कार्ड असलं की साष्टांग नमस्कार हमखास पूर्ण लिहिलेला, एरवी अक्षरांत गुंडाळलेला. आठ अंगं जमिनीला टेकवायची ती शाईच्या पाच ठिपक्यांत टेकवली जायची, आणि मला ते खोटं कधी वाटलं नाही. खोटं वाटतं ते आताचं मोबाइलवरचं हात जोडलेलं पिवळं चित्र. आभार, क्षमा, श्रद्धांजली, सुप्रभात, आणि बहुतेक वेळा ‘आता हा विषय पुरे’, सगळ्याला तेच.

लग्नात मी किती नमस्कार केले ते माझ्या कंबरेला विचारा. सासरच्या वाड्यात बैठकीच्या खोलीत भिंतीला टेकून ओळीनं माणसं बसलेली. नऊवारी नेसलेली मी, डोक्यावरून घसरणारा शालू, शेजारी नणंद नातं सांगायला. ‘‘या आत्तेसासूबाई, हे चुलत मामंजी.’’ वाकायचं, आशीर्वाद मिळेपर्यंत वाकलेलंच राहायचं. माणसं नमस्कार घेतात कशी, याचा अभ्यास मी त्या एका दुपारी केला. एक मामंजी शेजाऱ्याशी उसाच्या भावाबद्दल बोलत होते, बोलता बोलता त्यांनी पाय तेवढे पुढे सारले. एका काकूंनी माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि ठेवता ठेवता मंगळसूत्र किती तोळ्यांचं ते पाहून घेतलं. सगळ्यात शेवटी एक खूप म्हाताऱ्या आजेसासूबाई होत्या. मी वाकायला गेले तर त्यांनी पाय लुगड्यात ओढून घेतले आणि माझं मनगट धरून मला खाली बसवलं. ‘‘पुरे ग. किती जणांपुढे वाकलीस? बस इथं, कुणी हाक मारली तर मी बघते.’’ त्यांच्या आडोशाला मी दहा मिनिटं पाय पसरून बसले. एवढा मोठा आशीर्वाद मला त्या दिवशी दुसऱ्या कुणी दिला नाही.

त्याच दिवशी सकाळी आणखी एक गोष्ट झाली होती, ती मी पुष्कळ वर्षं बोलले नाही. कन्यादानाच्या आधी बाबांनी जावयाचे पाय धुतले. आई झारीतून धार सोडत होती, बाबा ताम्हनात पाय धुऊन उपरण्यानं पुसत होते. बाबा पंचावन्न वर्षांचे, शाळेत हेडमास्तर. त्यांच्या खोलीत शिरताना थोरथोर माणसं दारात चपला काढायची. आणि समोर सव्वीस वर्षांचा एक मुलगा, ज्याचं नाव मला नीट घेताही येत नव्हतं, तो भटजींनी सांगितलं तसा ताठ बसलेला. त्याच्या पायाची बोटं आक्रसून आत वळलेली मी पाहिली. नंतर कधीतरी मी विषय काढला तेव्हा नवरा म्हणाला, ‘‘मला पाय मागे घ्यायचे होते. पण भटजी म्हणाले हलू नका.’’ त्या एका वाक्यावर मी त्याच्याशी चाळीस वर्षं संसार केला, असं मी गमतीनं म्हणते. आमच्या मुलीच्या लग्नात आम्ही हा विधी गाळला. विहीणबाई दोन दिवस घुश्शात होत्या.

आईचं शेवटचं दुखणं दवाखान्यात झालं. एका संध्याकाळी घरी निघताना मी पलंगाच्या पायथ्याशी जाऊन तिच्या पायांना हात लावणार, तेवढ्यात ती म्हणाली, ‘‘अगं, झोपलेल्याला नमस्कार करू नाही.’’ आडव्या माणसाला नमस्कार एकदाच करतात, हे दोघींनाही ठाऊक होतं. ती उठून बसायची धडपड करायला लागली. सलाइनची नळी ताणली गेली, नर्स ओरडली. शेवटी मी तिला पाठीशी उशा देऊन अर्धवट बसवलं, मग वाकले. तिनं माझ्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाली, ‘‘आता जा. रिक्षा मिळायची नाही.’’

आता माझ्या दोन्ही गुडघ्यांची शस्त्रक्रिया झाली आहे. खाली बसायचं नाही, वाकायचं नाही. देवापुढे खुर्चीत बसते. नमस्कार करण्याचे दिवस सरले, घेण्याचे आले, आणि इथंच माझी पंचाईत. हल्लीची मुलं गुडघ्याशी हात नेऊन परत घेतात, त्याचं काही वाटत नाही. ऑपरेशन कसं झालंय ते बघतात असं समजते. पण कुणी खरोखर खाली वाकलं की माझा पाय आपोआप मागे जातो. लोणंदच्या रस्त्यावर गेला होता तसाच. मी त्याला माझा विनय समजत आले.

गेल्या महिन्यात आमच्याकडे पोळ्या करायला येणाऱ्या बाई मुलाला घेऊन आल्या. पोलीस भरतीत त्याची निवड झाली होती. पेढ्यांचा पुडा माझ्या हातात दिला आणि तो वाकला. मी ‘‘अरे राहू दे, राहू दे’’ म्हणत दोन पावलं मागे सरले. त्याचा हात फरशीवर टेकला. उठून त्यानं तळवा पँटीला पुसला, काही बोलला नाही. बाई मात्र बोलल्या. ‘‘काकू, सकाळपासून सगळ्यांच्या पाया पडतोय तो. तुम्हीच का मागं सरता?’’

आवाजात राग नव्हता, पण विचारायचं ते त्यांनी विचारलं होतं. मला एकदम ओसरी दिसली. आजोबांचे पाय मागे घ्यायची वेळ कधी आलीच नव्हती. मध्ये अख्खं अंगण होतं. मी तेच अंगण दोन पावलांत उभं केलं होतं. उलटा नमस्कार करून टाकायचा, आजी म्हणाली होती. पण गुडघे वाकत नव्हते.

‘‘ये रे,’’ म्हटलं. टेबलाचा कोपरा धरला आणि पाय फरशीवर घट्ट ठेवले. तो पुन्हा वाकला. भरतीसाठी बारीक केलेले केस होते, तळहाताला टोचले. औक्षवंत हो, यशस्वी हो, असं सगळं तोंडाशी येऊन परत गेलं. ‘‘रात्रपाळीला डबा नेत जा,’’ एवढंच म्हणाले.