मरुत्सखाचे ड्रॉइंग

शिवकर बापूजी तळपदे हे नाव आम्हांला प्रथम भेटले ते पुस्तकात नव्हे, गिरगाव चौपाटीवर. मामांचे बोट धरून आम्ही वाळूत उभे होतो. मामांनी मिटलेल्या छत्रीचे टोक समुद्राकडे रोखले आणि म्हणाले, "इथून उडालं." साल १८९५, 'मरुत्सखा' नावाचे मनुष्यविरहित विमान, पंधराशे फूट उंची, प्रेक्षकांत न्यायमूर्ती रानडे आणि सयाजीराव गायकवाड, दुसऱ्या दिवशी 'केसरी'त बातमी. मग इंग्रज सरकारची वक्रदृष्टी, मदतीचा आटलेला ओघ आणि सारे काही काळाच्या उदरात गडप. राइट बंधूंच्या आधी आठ वर्षे! मामांनी हे पाहिलेले असणे शक्यच नव्हते. पण सांगताना ते क्षणभर वर पाहत, आणि आम्हीही पाहत असू.

पुढे मराठीचे अध्यापक झाल्यावर ती गोष्ट आम्ही जवळजवळ तीस वर्षे वर्गात सांगितली. दंतकथा म्हणून नव्हे, इतिहास म्हणून सांगितली, हे इथे नोंदवलेच पाहिजे. वर्ग पेंगू लागला की ती हमखास लागू पडे.

निवृत्तीनंतर आम्ही धायरीत राहायला आलो. शनिवारी संध्याकाळी सोसायटीच्या कार्यालयात पाचसहा विद्यार्थी जमतात आणि काहीबाही वाचन चालते. एका शनिवारी विज्ञानकथेवरून गाडी तळपद्यांवर आली आणि आम्ही सवयीने छत्री उगारली. ऐकणाऱ्यांत एम.ए. करणारी एक मुलगी होती. तिच्या वडिलांचे इथेच, धायरीत, दोन लेथचे छोटे वर्कशॉप आहे. गोष्ट संपल्यावर तिने विचारले, "सर, त्याचं ड्रॉइंग कुठंय?"

आम्हांला प्रश्नच कळला नाही.

"नाही, म्हणजे बाबा ड्रॉइंग आल्याशिवाय जॉब मशीनला लावतच नाहीत. इतकं मोठं यंत्र केलं तर कुठेतरी कागद असेल ना? आणि 'केसरी'चा अंक कोणत्या तारखेचा?"

"शोधून सांगतो," आम्ही म्हणालो. अध्यापकांचा हा जुना आडोसा आहे.

शोधू लागलो तेव्हा ध्यानात आले की आमच्याजवळच्या कात्रणांपैकी प्रत्येक कात्रण दुसऱ्या कात्रणाकडे बोट दाखवते. तारीख एकाही लेखात नाही. शिवाय १८९५ साली 'केसरी' साप्ताहिक होते. मामांचा 'दुसरा दिवस' तिथेच डळमळला. रानडे १८९३ पासून मुंबईत हायकोर्टाचे न्यायमूर्ती होते, तेव्हा ते चौपाटीवर असणे अशक्य नव्हते. पण गोष्ट उभी राहते ती अशा 'अशक्य नव्हते'वरच. भरद्वाजांच्या नावावर सांगितले जाणारे 'वैमानिक शास्त्र' पंडित सुब्बराय शास्त्रींनी सांगितले आणि लिहून घेतले गेले ते १९१८ ते १९२३ या काळात, म्हणजे १९१६ साली तळपदे वारल्यानंतर. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील पाच संशोधकांनी १९७४ साली त्या ग्रंथातील विमाने तपासली आणि ती उडण्याजोगी नाहीत, ग्रंथही १९०४ च्या मागे जात नाही, असे दाखवले. प्राचीन विमानांबद्दल आस्था असलेल्या दिलीपकुमार कांजीलाल यांच्या १९८५ च्या पुस्तकातसुद्धा तळपद्यांनी शास्त्रींच्या मार्गदर्शनाखाली नमुने केले, पण ते उडाले नाहीत, असेच आहे. या साऱ्यानंतर २०१५ साली हिंदीत 'हवाईजादा' आला आणि त्यात विमान अर्थातच उडाले.

खरे तर साहित्याच्या माणसाने हे कथानक पहिल्याच वाचनात ओळखायला हवे होते. नायक एकटा, साक्षीदार थोर, खलनायक परका. आणि पुरावा त्या खलनायकानेच नष्ट केलेला, त्यामुळे पुरावा नसणे हाच पुरावा! इतकी भक्कम तटबंदी जुन्या अद्भुतरम्य कादंबऱ्यांनाही साधली नव्हती. आम्ही त्या कादंबऱ्यांची चिकित्सा करून गुण देत होतो आणि तासाच्या शेवटी स्वतःच एक विनातपासणी सांगत होतो.

त्याहून मोठी चूक निराळीच. त्याच मुंबईत, तळपद्यांहून तीन वर्षांनी लहान, १८६७ साली जन्मलेले शंकर आबाजी भिसे होते. ते लंडनला गेले, तिथे दादाभाई नौरोजींनी त्यांची पाठराखण केली, सर रतन टाटांनी भांडवल घातले. छपाईचे खिळे ओतणारे त्यांचे यंत्र 'भिसोटाइप' म्हणून ओळखले गेले. पुढे ते अमेरिकेत गेले आणि १९३५ साली न्यूयॉर्कमध्ये वारले. त्यांची पेटंटे आहेत, पेटंटांत आकृत्या आहेत, प्रत्येक भागाला क्रमांक आहे. ज्या खिळ्यांवर आमचे सारे वाङ्मय छापले गेले त्यांच्यासाठी झिजलेला हा माणूस आम्ही तीस वर्षांत एकदाही वर्गात नेला नाही. त्याच्या गोष्टीत करार आहेत, भागीदार आहेत, पैशांची ओढाताण आहे. वर पाहावे असे काही नाही.

पुढच्या शनिवारी आम्ही सांगून टाकले : ड्रॉइंग नाही, तारीखही नाही, आणि इतकी वर्षे आम्ही हे खरे म्हणून सांगत आलो. मुले काही बोलली नाहीत. मग तीच मुलगी म्हणाली, "मग तळपद्यांनी नेमकं केलं काय?"

याचे उत्तर आम्हांला देता आले नाही, आणि खरी टोचणी हीच आहे. वेदांचा नाद असलेला एक मुंबईकर गृहस्थ उडण्याचे यंत्र करू पाहत होता. त्याने काय जोडले, कुठे चुकले, काय मोडले, हे जाणून घ्यायला आम्हांला आवडले असते. पण दंतकथेने त्याला यश बहाल केले आणि त्याचे अपयश, जे निःसंशय त्याचे स्वतःचे होते, ते मात्र काढून घेतले. मामा असते तर आम्ही त्यांना हे सांगितले असते का? बहुधा नाही.

भिसे यांच्या एका पेटंटातील आकृतीची छापील प्रत मुलगी घरी घेऊन गेली. वडिलांनी ती लेथजवळच्या दिव्याखाली धरली, बराच वेळ पाहिली आणि म्हणाले, "मापं टाकलेली नाहीत. पण हा कॅम कशासाठी दिलाय ते कळतंय."