अलौकिकाची वर्गवारी

जे डोळ्यांना दिसत नाही, त्याचीही वर्गवारी माणूस मोठ्या काटेकोरपणे करीत आला आहे. बोर्हेसने १९४२ सालच्या एका निबंधात कुठल्याशा चिनी ज्ञानकोशातील प्राण्यांची विलक्षण यादी दिली. ती वाचताना आलेल्या हसण्यातून आपला ग्रंथ जन्माला आला, असे फूकोने १९६६ साली लिहिले. वर्गवारी वस्तूंत नसते, पाहणाऱ्याच्या व्यवस्थेत असते, हे त्या यादीने समीक्षेला शिकवले. पण त्या यादीप्रमाणे कोणी कधी जगलेले नाही. ज्या वर्गवारीवर माणसांनी आयुष्य बेतले, तिच्या शोधात मराठी अभ्यासकाला फार दूर जावे लागत नाही.

यवतमाळच्या य. खु. देशपांडे यांनी महानुभावांच्या पोथ्यांचा ध्यास घेतला आणि १९२५ साली ‘महानुभावीय मराठी वाङ्मय’ हा ग्रंथ तेथूनच प्रकाशात आला. सांकेतिक लिप्यांत शतकानुशतके मिटून राहिलेले हे वाङ्मय तेव्हा नुकते कुठे उलगडू लागले होते. या पोथ्यांकडे विद्यार्थी बहुधा जुन्या गद्याच्या ओढीने येतो आणि एका संख्येपाशी थबकतो: ८१ कोटी १ लाख २५ हजार १०. ही देवतांची मोजदाद आहे.

जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर हे या तत्त्वज्ञानातील चार नित्य पदार्थ. त्यांतील देवतांचे नऊ थर कल्पिलेले आहेत. कर्मभूमीवरील देवतांपासून अंतराळ, स्वर्ग असे चढत ही मांडणी थेट मायेपर्यंत पोहोचते. प्रत्येक थराचे सामर्थ्य ठरलेले, त्याच्या उपासनेचे फळही ठरलेले. प्रथमदर्शनी हा कल्पनेचा अतिरेक वाटतो. परंतु तो अतिरेक नव्हे, आवर घालणे आहे. ज्याची गणना होते त्याला मर्यादा असते, आणि मर्यादिताचे फळ मर्यादितच असणार. परमेश्वर तेवढा या गणनेबाहेर राहतो. एकाही देवतेचे अस्तित्व न नाकारता तिचे शरण्यत्व काढून घेण्याची ही रीत नास्तिकाची नाही. हिशेब चोख ठेवणाऱ्याची आहे.

याच्या शेजारी दुसरी वर्गवारी ठेवली की पहिलीचा अर्थ पुरता उमगतो. अवताराचे सन्निधान संपल्यावर मागे राहिलेल्यांनी कशाचा आधार घ्यावा? स्थान, प्रसाद, भिक्षुक आणि वासनिक, असे या प्रश्नाचे चौपदरी उत्तर आहे. चक्रधरस्वामी जेथे बसले ती जागा, त्यांच्या वापरातले वस्त्र, त्यांच्या मार्गावरची माणसे. स्थानांशी संबंध असलेल्या पाषाणखंडांना पंथात ‘विशेष’ म्हणतात. हे नाव अर्थपूर्ण आहे. इतर दगडांहून या दगडाचा घटक वेगळा नाही, रंग वेगळा नाही. वेगळेपण सारे संबंधाचे.

आजच्या अद्भुत कादंबरीतील मायावी द्रव्ये गुणधर्मांवरून ओळखली जातात. टोल्किनचे मिथ्रिल हलके असून पोलादाहून कठीण आहे. ते कोणाच्याही हाती पडले तरी तसेच राहील. ‘विशेष’ मात्र साक्षीवाचून क्षणभरही टिकत नाही. म्हणूनच ‘स्थानपोथी’ एखाद्या स्थळाचे वर्णन करताना दार कोणत्या दिशेला आहे हेही सांगते, आणि म्हणूनच ‘लीळाचरित्रा’त आठवणींचे पाठभेद पुसून न टाकता नोंदवले जातात. भक्तीला येथे पुराव्याची शिस्त लाभली आहे. देवतांकडे अफाट सामर्थ्य असून त्या अपुऱ्या ठरतात. धोंड्याकडे स्वतःचे काहीच नसून तो जपून ठेवला जातो.

या व्यवस्थेला ‘कल्पित’ म्हणावे काय? बाहेरचा वाचक तसे म्हणेल, आतला म्हणणार नाही. समीक्षकाला दोघांचेही ऐकून घ्यावे लागते. अडचण निराळीच आहे. विद्यापीठीय सूची याच पोथ्या ‘चरित्र’, ‘तत्त्वज्ञान’, ‘काव्य’, ‘स्थलवर्णन’ अशा खणांत वाटते. खण सोयीचे आहेत, पण ते ग्रंथ कशाविषयी आहे एवढेच विचारतात. तो कोणाच्या आठवणीवर उभा आहे, कोणाच्या हातांतून येथवर आला, हे प्रश्न ज्या परंपरेने सर्वांत आधी विचारले, तिच्याच ग्रंथांबाबत ते विचारायचे राहून जातात.

अद्भुताची आपली व्याख्या अशक्यतेभोवती फिरत राहिली आहे. महानुभावांच्या दुहेरी वर्गवारीने ती डळमळते: अशक्य ते सारे मोजून बाजूला ठेवले जाते आणि अद्भुत उरते ते एका साध्या दगडात, कोणीतरी त्याची हकिगत सांगू शकते तोवर. ती हकिगत तुटली की तो पुन्हा रस्त्यावरचा दगड होतो. आणि जिचा ठावठिकाणा कोणी टिपून ठेवलेला नाही अशी पोथी म्हणजे केवळ जुना कागद.